राजद्रोह, देशद्रोह आणि एकशे अकरा किलोमीटर कागद

बर्लिनला गेलेला मराठी पर्यटक ब्रांडेनबुर्ग दरवाज्यासमोर फोटो काढतोच. त्या दरवाज्यापासून पश्चिमेला जो रुंद, सरळसोट रस्ता जातो, त्याचं नाव म्हणजे एक तारीख आहे: ‘१७ जूनचा रस्ता’. १९५३ साली त्या दिवशी पूर्व जर्मनीतले कामगार रस्त्यावर उतरले होते. सरकारने त्याच पगारात दहा टक्के जास्त काम करण्याचा हुकूम काढला होता. पूर्व बर्लिनमधल्या बांधकाम मजुरांनी आदल्या दिवशी काम बंद केलं आणि १७ तारखेला हे लोण देशभर शेकडो गावांत पोचलं. मग सोव्हिएत रणगाडे आले. किमान ५५ माणसं मेली. पश्चिम बर्लिनने पाच दिवसांत रस्त्याचं नाव बदललं आणि पश्चिम जर्मनीने तो दिवस राष्ट्रीय सुट्टीचा केला. पूर्वेकडे मात्र अधिकृत उत्तर एकच होतं: तो परकीय हस्तकांनी घडवलेला फॅसिस्ट उठाव होता.

हुकूमशाही संपल्यावर तिचा हिशोब कसा लावायचा आणि तिच्याशी लढलेल्यांपैकी कुणाला लक्षात ठेवायचं, हे काम जर्मनीला दोनदा करावं लागलं. १९४५ नंतर नाझींचं आणि १९९० नंतर पूर्व जर्मनीतल्या कम्युनिस्ट राजवटीचं. पहिलं काम देश दुभंगलेला असताना झालं आणि बरंचसं बिघडलं. दुसरं देश जोडला गेल्यावर झालं. ते करणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर पहिल्या वेळची फजिती होती. दोन्ही राजवटींचे गुन्हे एका मापाचे नव्हते, हे आधीच सांगितलेलं बरं. पण दुसऱ्या वेळी असं का वागले, हे पहिली वेळ पाहिल्याशिवाय कळत नाही.

दोन शब्दांवरचा खटला

राजद्रोह आणि देशद्रोह हे शब्द आपल्याकडे बातम्यांत सर्रास एकमेकांच्या जागी वापरले जातात. राजद्रोह म्हणजे सत्तेवर बसलेल्यांविरुद्ध उठणं, देशद्रोह म्हणजे देश परक्याच्या हाती देणं. जर्मन कायद्यातही असेच दोन वेगळे गुन्हे आहेत, ‘होखफेरराट’ आणि ‘लांडेसफेरराट’. पश्चिम जर्मनीत हिटलरविरोधकांकडे पाहण्याची नजर पालटायला सुरुवात झाली ती एका न्यायालयात हा फरक सोलून दाखवला गेला तेव्हा.

२० जुलै १९४४ रोजी कर्नल क्लाउस फॉन श्टाउफेनबर्गने हिटलरच्या पूर्व प्रशियातल्या मुख्यालयात, बैठकीच्या टेबलाखाली बॉम्ब ठेवला. स्फोट झाला, पण हिटलर वाचला. कट पुढे न्यायचा तर बर्लिनमधल्या सरकारी इमारतींना वेढा घालायला हवा होता. तो हुकूम मेजर ऑटो एर्न्स्ट रेमरच्या तुकडीला मिळाला होता. गोबेल्सने रेमरला फोनवर थेट हिटलरशी बोलायला लावलं, रेमर उलटला आणि संध्याकाळपर्यंत कट मोडला. युद्धानंतर हाच रेमर एका नवनाझी पक्षाचा प्रमुख वक्ता झाला. मे १९५१ मध्ये ब्राउनश्वाइगच्या सभेत त्याने कटवाल्यांना देशद्रोही म्हटलं, त्यातल्या काहींनी परदेशाचा पैसा खाल्ल्याचंही सांगितलं. ऐकणाऱ्यांपैकी अनेकांना त्यात वावगं वाटलं नाही. शपथ मोडणारा सैनिक तो सैनिकच नव्हे, असं तेव्हा घरोघरी मानलं जायचं.

ब्राउनश्वाइगचे मुख्य सरकारी वकील होते फ्रिट्झ बाउअर. ज्यू घरातले, सोशल डेमोक्रॅट, १९३३ मध्ये छळछावणी पाहिलेले, पुढे डेन्मार्क आणि स्वीडनमध्ये परागंदा होऊन १९४९ मध्ये परतलेले. कागदावर खटला साधा बदनामीचा होता. बाउअर यांनी त्यात तीन प्रश्न घातले. शपथ कितपत बांधते, हे सांगायला त्यांनी कॅथलिक आणि प्रोटेस्टंट धर्मशास्त्राचे प्राध्यापक साक्षीला आणले. जुलै १९४४ मध्ये युद्ध जिंकण्याची काही शक्यता उरली होती का, हे इतिहासकाराकडून वदवून घेतलं. जे युद्ध आधीच हरलेलं होतं, ते कुणाच्या द्रोहामुळे हरलं असं म्हणता येत नाही. तिसरा मुद्दा सगळ्यांत धारदार होता. रोज हजारोंचे खून पाडणारं राज्य हे कायद्याचं राज्यच नव्हे आणि अशा राज्यापुढे प्रत्येकाला स्वसंरक्षणाचा हक्क आहे. राज्यच बेकायदा असेल तर त्याच्याविरुद्ध राजद्रोह व्हायचा कसा?

१५ मार्च १९५२ ला रेमरला तीन महिन्यांची शिक्षा झाली. ती भोगण्याआधीच तो देश सोडून पळाला. पण नाझी राज्य हे ‘अन्यायाचं राज्य’ होतं, हे एका जर्मन न्यायालयाच्या निकालात लिहिलं गेलं होतं. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये घटना न्यायालयाने त्याच्या पक्षावर बंदी घातली. पुढे १९६८ मध्ये राज्यघटनेच्या २० व्या कलमाला चौथं उपकलम जोडलं गेलं: घटनात्मक व्यवस्था उखडू पाहणाऱ्याला, दुसरा कुठलाच उपाय उरला नसेल तर, विरोध करण्याचा हक्क प्रत्येक जर्मन माणसाला आहे. वाचायला हे रोमांचक आहे. वापरायला जवळपास अशक्य आहे, कारण खरोखर तशी वेळ आली तर या कलमावर निकाल देणारं न्यायालय शाबूत असेल का, हाच प्रश्न.

कुणाचा पुतळा, कुणाचं विस्मरण

दोन्ही जर्मनींनी आपापल्या सोयीची माणसं निवडली. पश्चिमेला लष्करी अधिकारी, धर्मगुरू आणि म्युनिकचे ‘पांढरा गुलाब’ गटाचे विद्यार्थी आवडले. कम्युनिस्ट कामगार मात्र नकोसे होते, खरं तर नाझींनी सगळ्यांत आधी त्यांनाच उचललं होतं. पूर्वेने नेमकं उलट केलं. वायमारजवळच्या बुखेनवाल्ड छळछावणीच्या जागी १९५८ मध्ये प्रचंड स्मारक उभारलं. त्यात मध्यवर्ती ठरली ती कम्युनिस्ट कैद्यांनी स्वतः छावणी मुक्त केल्याची कथा. एप्रिल १९४५ मध्ये कैद्यांच्या गुप्त समितीने पहारेबुरूज ताब्यात घेतले, ही गोष्ट खरी आहे. अमेरिकन फौजा छावणीच्या उंबरठ्यावर आल्या होत्या, हेही तितकंच खरं आहे. स्मारकातून दुसरं वाक्य गाळलं गेलं.

आणखीही एक गोष्ट गाळली गेली. नाझी गेल्यावर सोव्हिएत गुप्त पोलिसांनी हीच छावणी १९४५ ते १९५० ‘विशेष छावणी क्रमांक २’ म्हणून चालवली. सुमारे २८,००० लोक तिथे ठेवले गेले, त्यांतले ७,००० हून अधिक भूक आणि रोगाने मेले. त्यांच्यात हलक्या पातळीचे नाझी होते, चुकून पकडलेले होते आणि नव्या राजवटीला नको असलेलेही होते. पूर्व जर्मनी असेपर्यंत त्यांची थडगी जंगलात बेनाव राहिली. १९९० नंतर भांडण पेटलं: एकाच जागेवर दोन प्रकारचे बळी, मग स्मारक कुणाचं? इतिहासकार बेर्न्ड फाउलेनबाख यांनी एक सूत्र मांडलं. स्टालिनवादी गुन्ह्यांकडे बोट दाखवून नाझी गुन्हे सौम्य करायचे नाहीत आणि नाझी गुन्ह्यांकडे बोट दाखवून स्टालिनवादी गुन्हे क्षुल्लक ठरवायचे नाहीत. जर्मनीतली सरकारी स्मारकं आजही याच सूत्राने चालतात. बुखेनवाल्डमध्ये विशेष छावणीचं संग्रहालय वेगळ्या इमारतीत आहे, १९९७ पासून.

या वाटणीत सगळ्यांत मोठा अन्याय झाला तो गेओर्ग एल्झरवर. श्वाबियातला हा सुतार कुठल्याच गटाचा नव्हता. म्युनिकच्या ज्या बिअर हॉलमध्ये हिटलर दरवर्षी ८ नोव्हेंबरला भाषण करायचा, तिथे १९३९ मध्ये तो तीसेक रात्री लपून राहिला आणि व्यासपीठामागचा खांब आतून पोखरत गेला. स्फोटकं दगडाच्या खाणीतून मिळवलेली. एक घड्याळ बंद पडलं तर दुसरं चालावं म्हणून घड्याळं दोन. स्फोटाची वेळ रात्री ९ वाजून २० मिनिटं. धुक्यामुळे विमान रद्द झालं, हिटलरला आगगाडी गाठायची होती, म्हणून तो ९ वाजून ७ मिनिटांनी निघून गेला. तेरा मिनिटांनी छत कोसळलं आणि आठजण मेले. एल्झर स्विस सरहद्दीवर आधीच पकडला गेला होता. त्याला डाखाउ छावणीत ९ एप्रिल १९४५ रोजी गोळी घातली.

एकटा सुतार असं काही करू शकतो, यावर युद्धानंतर कुणाचा विश्वास बसेना. तो ब्रिटिशांचा हस्तक असावा किंवा नाझींनीच हे नाटक रचलं असावं, अशा अफवा वीस वर्षं चालल्या. १९६० च्या दशकात त्याच्या चौकशीचा गेस्टापोने टंकलिखित केलेला जबाब सापडला. त्यात त्याने यंत्राची रचना एकेक खिळ्यासकट सांगितली होती, तेव्हा अफवा थांबल्या. तरी सन्मानाला बराच उशीर झाला. बर्लिनमध्ये त्याच्या चेहऱ्याच्या कडेची १७ मीटर उंच पोलादी रेघ उभी राहिली ती थेट २०११ मध्ये. आपल्या मते उशिराचं कारण अफवा नव्हतंच. सेनापतींना निदान ‘आम्हाला काय माहीत होतं’ असं म्हणायची सोय होती. १९३९ सालच्या एका सुताराला सगळं कळत होतं, हे मान्य केलं की बाकीच्यांची ती सबब संपते.

‘रेड ऑर्केस्ट्रा’ या नावाने ओळखला जाणारा बर्लिनचा गट तर दोन्हीकडे विद्रूप झाला. हवाई दल मंत्रालयातला हारो शुल्झे-बॉयझन आणि अर्थव्यवस्था मंत्रालयातला आरविट हार्नाक यांच्याभोवती मित्रांचं सैलसं जाळं होतं. कुणी पत्रकं वाटत होतं, कुणी छळ झालेल्यांना लपवत होतं, काहींनी सोव्हिएत रशियाला हल्ल्याची आगाऊ बातमी दिली. १९४२-४३ मध्ये पन्नासहून अधिक जणांना मृत्युदंड झाला. पश्चिमेत ते रशियाचे हेर ठरले. पूर्वेतही हेरच ठरले, फक्त तिथे ती शिवी नव्हती, पदवी होती. १९६९ मध्ये त्यांना मरणोत्तर सोव्हिएत पदकं मिळाली आणि त्यांची पत्रकं, त्यांची मतं, त्यांची भांडणं सगळी पुसली गेली.

कायद्याची गाडी आणखी मागे होती. नाझी न्यायालयांचे अन्यायी निकाल सरसकट रद्द करणारा कायदा १९९८ चा. सैन्यातून पळालेल्यांसाठी त्यात २००२ मध्ये दुरुस्ती करावी लागली. ‘युद्धद्रोह’ या गुन्ह्याखालचे निकाल तरीही उरले, कारण त्या सैनिकांनी शत्रूला मदत करून आपल्याच लोकांचे जीव धोक्यात घातले असतील, असा आक्षेप होता. ते निकाल ८ सप्टेंबर २००९ ला रद्द झाले. बाउअर यांनी १९५२ मध्ये जो युक्तिवाद अधिकाऱ्यांसाठी केला, तो साध्या शिपायापर्यंत पोचायला ५७ वर्षं लागली.

न्यायाधीश सुटतात तेव्हा

नाझींच्या ‘लोक न्यायालया’ने पाच हजारांहून अधिक लोकांना मृत्युदंड दिला. या न्यायालयाचा एकही न्यायाधीश पश्चिम जर्मनीत अंतिमतः दोषी ठरला नाही. कारण तांत्रिक आहे आणि ते समजून घेण्यासारखं आहे. न्यायाधीशाला निकालाबद्दल शिक्षा करायची तर त्याने कायदा ‘जाणूनबुजून’ वाकवला, हे सिद्ध करावं लागतं. हान्स-योआखिम रेझे या न्यायाधीशाला १९६७ मध्ये पाच वर्षांची शिक्षा झाली. सर्वोच्च न्यायालयाने ती उलटवली, खटला पुन्हा चालला आणि १९६८ च्या डिसेंबरमध्ये तो निर्दोष सुटला. त्याचा त्या कायद्यावर विश्वास होता ना, मग त्याने तो वाकवला कसा म्हणायचा? म्हणजे नाझी जितका कट्टर, तितका सुरक्षित. न्यायालयाचा अध्यक्ष रोलांड फ्राइसलर १९४५ मध्येच बॉम्बहल्ल्यात मेला होता. पण त्याच्या विधवेला वाढीव निवृत्तिवेतन मिळत असल्याचं १९८५ मध्ये उघड झालं. जिवंत असता तर त्याने वकील किंवा वरिष्ठ अधिकारी म्हणून चांगली कमाई केली असती, असा सरकारी कार्यालयाचा हिशोब होता. त्यावर वेगळं भाष्य नको.

पूर्वेने उलट्या दिशेने माती खाल्ली. १९५० मध्ये वाल्डहाइम गावात सुमारे ३,४०० जणांवर काही आठवड्यांत खटले उरकले, बहुतेकांना बचावाचा वकील नाही. खरे गुन्हेगार आणि निरपराध एकाच चाळणीतून गेले, २४ जणांना फाशी झाली. मग पूर्व जर्मनीने जाहीर केलं की आमच्याकडे नाझी उरलेच नाहीत, सगळे पश्चिमेला आहेत.

१९९५ मध्ये जर्मनीच्या सर्वोच्च न्यायालयाने पूर्व जर्मनीच्या एका माजी न्यायाधीशाची शिक्षा कायम करताना एक दुर्मीळ कबुली दिली: नाझी न्यायाधीशांच्या बाबतीत आपण अपयशी ठरलो.

भिंतीवरचे शिपाई आणि वरचे साहेब

दुसऱ्या हिशोबाची अडचण अशी: बर्लिन भिंत ओलांडणाऱ्यावर गोळी झाडणं पूर्व जर्मनीच्या कायद्यात बसत होतं. भिंतीपाशी किमान १४० माणसं मेली. गुन्हा घडला तेव्हा तो गुन्हा नव्हता, तर आज शिक्षा कशी द्यायची? न्यायालयांनी कायदेपंडित गुस्टाव राडब्रुख यांचं १९४६ सालचं सूत्र घेतलं. लिहिलेला कायदा पाळावा, तो चुकीचा असला तरी. मात्र न्यायाशी त्याचा विरोध असह्य पातळीला गेला की तो कायदा कायदा राहत नाही. घटना न्यायालयाने १९९६ मध्ये आणि युरोपीय मानवाधिकार न्यायालयाने २००१ मध्ये हे मान्य केलं.

शिक्षा मात्र सौम्य झाल्या. भिंतीवर गोळीने मेलेला शेवटचा तरुण क्रिस गेफ्रॉय, फेब्रुवारी १९८९. त्याला मारणाऱ्या शिपायाची साडेतीन वर्षांची शिक्षा अपिलात दोन वर्षांवर आली, तीही स्थगित. राष्ट्रप्रमुख एरिश होनेकरवरचा खटला आजारपणामुळे जानेवारी १९९३ मध्ये बंद झाला. तो चिलीला गेला आणि पुढच्या वर्षी वारला. श्टाझी या गुप्त पोलिस खात्याचा तीस वर्षांहून जास्त काळ प्रमुख राहिलेला एरिश मील्के दोषी ठरला तो १९३१ सालच्या दोन पोलिसांच्या खुनासाठी, श्टाझीच्या कामासाठी नव्हे. सुमारे एक लाख लोकांविरुद्ध चौकशी झाली, दोषी ठरले साडेसातशेच्या आसपास आणि प्रत्यक्ष गजाआड गेले पन्नासपेक्षा कमी. पूर्वेत राजवटीविरुद्ध उभ्या राहिलेल्या नागरी चळवळीतल्या लोकांची कडवट तक्रार होती की आम्हाला न्याय हवा होता, मिळालं ते कायद्याचं राज्य. तक्रार समजण्यासारखी आहे, पण वाल्डहाइम आठवलं की तिची धार जरा कमी होते.

पैशाचा हिशोब जास्त बोचरा आहे. राजकीय कैद्याला कैदेच्या दर महिन्यामागे ३०६.७८ युरो एकरकमी भरपाई आहे. आकडा विचित्र दिसतो, कारण तो मुळात ६०० मार्क होता. नियमित मासिक मदत २००७ मध्ये, म्हणजे सतरा वर्षांनी सुरू झाली: २५० युरो आणि अट किमान १८० दिवसांच्या कैदेची. अट २०१९ मध्ये ९० दिवसांवर आली, रक्कम २०२५ मध्ये ४०० युरो झाली. दुसरीकडे श्टाझीच्या नोकरांचं निवृत्तिवेतन आधी सरासरी पगाराच्या ७० टक्क्यांवर रोखलं होतं. घटना न्यायालयाने १९९९ मध्ये ती मर्यादा सरासरीपर्यंत वर नेली. ज्याला कैदेमुळे शिक्षण आणि नोकरी दोन्हींना मुकावं लागलं, त्याचं निवृत्तिवेतन मुळातच कमी भरतं.

कागद

श्टाझीचे १९८९ मध्ये पगारी नोकर ९१,००० होते आणि खबरे पावणेदोन लाखांच्या वर. देशाची लोकसंख्या जेमतेम एक कोटी साठ लाख. त्यांचे कागद उभे लावले तर १११ किलोमीटर भरतात.

ते वाचले ते सामान्य लोकांमुळे. ४ डिसेंबर १९८९ च्या सकाळी एरफुर्ट शहरात श्टाझीच्या इमारतीच्या धुराड्यांतून काळा धूर येताना दिसला. काही बायकांनी पुढाकार घेऊन माणसं जमवली, त्या आत शिरल्या आणि सरकारी वकिलाला बोलावून खोल्यांना सील ठोकलं. इतर शहरांनी तेच केलं. बर्लिनचं मुख्यालय १५ जानेवारी १९९० ला लोकांच्या हाती आलं. तोवर आत कागद कापायची यंत्रं जळेपर्यंत वापरली गेली होती. पुढे अधिकारी हातांनी कागद फाडून पोत्यांत भरत होते. अशी १५,००० हून अधिक पोती सापडली.

एक मोठी चूक मात्र चळवळीनेच होऊ दिली. परदेशी हेरगिरीच्या विभागाला स्वतःच स्वतःला गुंडाळण्याची परवानगी मिळाली, हेरांचे जीव धोक्यात येतील या सबबीवर. त्या विभागाने आपले बहुतेक कागद नष्ट केले. त्याच्या कार्डांच्या सूक्ष्मफिल्म अमेरिकेच्या सीआयएच्या हाती लागल्या होत्या. त्यांच्या प्रती जर्मनीला २००० ते २००३ दरम्यान परत मिळाल्या.

कागद उघडायचे की नाहीत, यावर दोन्ही जर्मनींचे मोठे नेते साशंक होते. नवरा बायकोचा, शेजारी शेजाऱ्याचा गळा धरेल ही भीती. पश्चिमेची कल्पना होती कागद संघीय अभिलेखागारात बंद करून ठेवण्याची. सप्टेंबर १९९० मध्ये चळवळीतल्या लोकांनी मुख्यालयात पुन्हा ठाण मांडलं आणि उपोषण केलं, तेव्हा एकीकरणाच्या करारात हा विषय घालावा लागला. कायदा डिसेंबर १९९१ मध्ये झाला आणि २ जानेवारी १९९२ पासून लोक आपापली फाईल वाचू लागले. एका खासदार बाईंना स्वतःच्या नवऱ्यानेच आपली खबर दिल्याचं फाईलमधून कळलं. असे धक्के पुष्कळ बसले, पण सूडाची जी लाट येईल असं सांगितलं जात होतं, ती आली नाही.

फाईल मिळते कशी? अर्जात आताचं आणि पूर्वीची सगळी नावं, जन्मतारीख आणि पूर्व जर्मनीतले पत्ते द्यायचे, ओळख प्रमाणित करून घ्यायची. स्वतःच्या फाईलसाठी शुल्क नाही. झेरॉक्सचे पैसे पडतात. कर्मचारी आधी ‘एफ १६’ नावाची कार्डं पाहतात. त्यांवर खरं नाव, जन्मतारीख आणि नोंदणी क्रमांक असतो. नावं अक्षरानुसार नाहीत, उच्चारानुसार लावलेली आहेत, म्हणजे एकाच नावाचे चार लेखनप्रकार एका ठिकाणी सापडतात. क्रमांक घेऊन मग ‘एफ २२’ कार्डांकडे जायचं. तिथे प्रकरणाचा प्रकार, टोपणनाव आणि अधिकारी असतो, पण खरं नाव नसतं. ही फाळणी मुद्दाम केलेली होती. एकच कपाट चोरीला गेलं तर त्यातून काहीही कळू नये.

गैरसमज इथूनच सुरू होतात. ‘एफ १६’ वर नाव असणं म्हणजे माणूस खबऱ्या होता असं नाही. पाळत ठेवलेल्याचंही कार्ड तसंच आणि त्याच्या प्रकरणालाही टोपणनाव असायचं. शिवाय श्टाझी माणसाला ‘खबऱ्या होऊ शकेल’ म्हणून नोंदवून ठेवायची, त्याला पत्ताही नसायचा. म्हणून नुसती नावांची यादी फुटली की निरपराध भाजले जातात. खबऱ्याने लेखी हमी दिली होती का, त्याने दिलेले अहवाल आहेत का, पैसे किंवा भेटी घेतल्याची पावती आहे का, हे पाहिल्याशिवाय काही म्हणू नये. अहवालही बऱ्याचदा अधिकाऱ्याने भेटीनंतर स्वतःच्या भाषेत लिहिलेला असतो. त्यात घटना खरी असते, सूर अधिकाऱ्याचा असतो.

फाईल सापडली की कर्मचारी ती आधी पूर्ण वाचतो. दुसऱ्या पीडितांची आणि संबंध नसलेल्यांची नावं, आजारपणं, भानगडी यांवर काळी पट्टी मारली जाते. श्टाझीचे नोकर आणि खबरे यांना हे संरक्षण नाही. पण अहवालात खबऱ्याचं टोपणनावच दिसतं. ते कुणाचं हे जाणून घ्यायला दुसरा अर्ज करावा लागतो आणि कधीकधी उत्तर सापडतही नाही. खबऱ्याला स्वतःबद्दलचे कागद पाहता येतात, त्याने दुसऱ्यांबद्दल काय लिहिलं ते मात्र सहसा नाही. मेलेल्या माणसाची फाईल जवळच्या नातेवाइकांना काही अटींवर मिळते. वाट पाहायला लागायची ती महिन्यांची, गर्दीच्या काळात वर्षांची. आतापर्यंत तेहतीस लाखांहून अधिक वैयक्तिक अर्ज आले आहेत.

दुसरा उपयोग नोकरीच्या तपासणीचा. शिक्षक, पोलिस, न्यायाधीश, लोकप्रतिनिधी यांच्याबद्दल श्टाझीचे कागद सांभाळणाऱ्या सरकारी कार्यालयाकडे साडेसतरा लाखांच्या आसपास विचारणा झाल्या. कार्यालय फक्त कागदात काय आहे ते कळवतं, नोकरीवरून काढायचं की नाही हे मालकाने ठरवायचं. त्यामुळे एका राज्यात बडतर्फ झालेला शिक्षक शेजारच्या राज्यात शिकवत राहिला, असंही घडलं. अनेकांना नोकरी गमवावी लागली ती खबरेगिरीपेक्षा प्रश्नावलीत खोटं लिहिल्यामुळे. आणि ज्या कार्यालयाने हे सगळं केलं, त्याने सुरुवातीला कार्डांची गुंतागुंत कळावी म्हणून श्टाझीचेच काही नोकर ठेवून घेतले होते. २०११ मध्ये रोलांड यान कार्यालयाचे प्रमुख झाले तेव्हाही त्यांतले ४७ जण कामावर होते.

पोत्यांचं काय झालं? १९९५ पासून न्यूर्नबर्गजवळच्या त्सिर्नडोर्फ गावात कर्मचारी तुकडे हाताने जुळवत बसले. कागदाचा रंग, शाई, टंकयंत्राचं अक्षर, फाटलेली कड, या चार खुणांवर. वरच्या थरातले तुकडे एकत्र फाडलेले असतात म्हणून पोतं उलटं ओतायचं नाही, थराथराने रिकामं करायचं. पाचशेहून अधिक पोत्यांतून सोळा लाखांवर पानं जुळली. मग २००७ मध्ये फ्राउनहोफर संस्थेने तुकड्यांचं स्कॅन करून संगणकाने जुळवायचा प्रयोग घेतला, उद्दिष्ट ४०० पोती. आज्ञावली चालली, अडलं ते स्कॅनिंगपाशी. प्रत्येक चुरगळलेला तुकडा हाताने सपाट करून दोन्ही बाजूंनी स्वच्छ टिपणारं आणि तितकं वेगवान यंत्रच नव्हतं. २३ पोत्यांतून सुमारे ९१,००० पानं निघाली आणि प्रयोग थांबला.

जून २०२१ पासून हे सगळं कागदपत्र संघीय अभिलेखागारात सामील झालं आहे. अर्जाचा हक्क तसाच आहे आणि तो फक्त जर्मनांना नाही. परदेशी विद्यार्थ्यांना लाइपझिगच्या हेर्डर इन्स्टिट्यूटमध्ये जर्मन शिकवलं जायचं. त्या वर्गांत बसून आलेल्या भारतीयालाही, म्हणजे साठ-सत्तर-ऐंशीच्या दशकांत तिकडे शिकून परतलेल्या एखाद्या मराठी माणसालाही, अर्ज करता येतो. जुन्या पारपत्रावरचं इंग्रजी स्पेलिंग आणि वसतिगृहाचा पत्ता अर्जात द्यावा, जर्मन कारकुनाने नाव कानाला ऐकू आलं तसं लिहिलेलं असू शकतं. ‘काही सापडलं नाही’ असं पत्र आलं, तर त्याचे दोन अर्थ होतात: पाळत नव्हती, किंवा तो कागद अजून पोत्यात आहे.